‘ओस’चे तीन वापर

“एवढी बारीक अक्षरं! शाई हे लोक स्वतःच्या खिशातून विकत आणतात की काय?”

अध्यक्ष पुटपुटले ते स्वतःशीच, पण थेट कारकूनबाईंच्या कानात. कचेरीत धड उजेडाची खिडकी एकच, आणि त्या खिडकीत एकाच कागदावर दोघांची डोकी वाकलेली. अध्यक्षांनी चाळीस वर्षं घड्याळं दुरुस्त केली होती. डोळ्याला भिंग लावून मुंगीच्या पायाएवढे स्क्रू बसवले होते. पण सरकारी कागद समोर आला की त्यांना एकदम दिसेनासं व्हायचं.

“सरका, मी वाचते,” कारकूनबाई म्हणाल्या. आणि वाचता वाचता त्यांचा आवाज असा चढत गेला की दारात पसरलेलं मांजर उठून गेलं.

“अध्यक्ष! बस बंद होत नाहीये!”

“काय सांगता?”

“बंद होत नाहीये, उलट दोनदा येणार आहे! सकाळी आणि संध्याकाळी!” मग त्यांनी पुढची ओळ वाचली आणि आवाज जरा खाली आला. “म्हणजे, झालं तर.”

गोष्ट अशी होती. महिन्यापूर्वी पत्र आलं होतं की एक तारखेपासून गावाला येणारी एकुलती एक बस बंद. त्यावर गावानं रीतसर आरडाओरडा केला, अर्ज केला, आणि मग आपण काय करणार म्हणून गप्प बसलं. आता हे दुसरं पत्र. ज्या गावात शंभराच्या आत माणसं राहतात ते गाव ‘अल्पवस्ती’ धरलं जाईल आणि तिथली बस रिकामी धावली तरी धावेल. त्यासाठी सगळ्या गावासमोर एक फॉर्म भरायचा. फॉर्म घ्यायला तपासनीस अकराच्या बसनं येणार आणि पुढे जाऊन चारला परतणाऱ्या त्याच बसनं माघारी जाणार. पत्र नऊ दिवस वाटेत कुठेतरी लोळत पडलं होतं, त्यामुळे हे सगळं आजच होणार होतं.

“आपण शंभराच्या आत आहोत ना?” अध्यक्षांनी विचारलं.

“माणसं सत्त्याण्णव आहेत,” कारकूनबाई म्हणाल्या. त्यांना हा आकडा स्वतःच्या वयासारखा पाठ होता.

“मग झालं की!”

“वहीत चारशे चार आहेत.”

दोघांनी एकदमच कपाटाकडे पाहिलं. कपाटातली ती जाडजूड रहिवाशांची वही म्हणजे कारकूनबाईंची बावीस वर्षांची कमाई. आणि तिच्यातली भानगडही त्यांचीच.

गावात पूर्वी काचेच्या बाटल्यांचा कारखाना होता. तो अठरा वर्षांपूर्वी बंद पडला. सगळ्यात आधी गेला तो बेकरीवाल्याचा थोरला. तेव्हा बेकरीवाला पिठाच्या हातांनी कचेरीत आला आणि म्हणाला, “बाई, नाव तेवढं खोडू नका. सहा महिन्यांत येतो म्हणालाय.” बाईंनी शेऱ्याच्या रकान्यात पेन्सिलीनं बारीक लिहिलं : ता. बा. म्हणजे तात्पुरता बाहेरगावी. पेन्सिलीनं एवढ्यासाठी, की पोरगा आला की खोडरबरानं पुसता यावं. कुठल्याच नियमात असा शेरा नव्हता. तो बाईंनी स्वतःच्या डोक्यातून काढला होता आणि त्याचा त्यांना थोडा तोराही होता. बातमी गावभर झाली. मग जो तो येऊन हळूच म्हणू लागला, “बाई, आमच्याही धाकट्याला ते बेकरीवाल्याच्या पोरासारखं लावा.” बाई लावत गेल्या. पुसायची वेळ एकदाही आली नाही.

आणि एकसष्टाव्या पानावर, त्याच बारीक अक्षरात, त्यांची स्वतःची मुलगी, चिमी होती. ती जाऊन नऊ वर्षं झाली होती. दूरच्या शहरात ती दातांच्या कवळ्या करण्याच्या कामाला होती. तिच्या आजीच्या, म्हणजे कारकूनबाईंच्या सासूबाईंच्या, तोंडात होती ती कवळीही तिनंच करून पाठवलेली. पहिल्या दोन वर्षांत चिमी चारदा आली. मग एकदा. मग दर रविवारी फोन यायचा आणि फोनवर “येईन गं, बघते” यायचं. घरात आता कारकूनबाई आणि सासूबाई, दोघीच. आतल्या खोलीत चिमीचा पलंग होता तसाच होता. सासूबाई दर पंधरा दिवसांनी त्याच्यावरची चादर बदलायच्या, आणि कारकूनबाई म्हातारीचं मन मोडू नये म्हणून विचारायच्या, “आई, निळी घालताय की फुलांची?”

आता बस राहिली तर चिमीला कधीतरी यायला वाट राहणार होती. पण बस राहायची तर वहीत शाईनं लिहायचं होतं की चिमी इथे राहत नाही. कारकूनबाईंनी वही छातीशी धरली.

“घंटा वाजवा,” त्या अध्यक्षांना म्हणाल्या. “शाळेत बोलवा सगळ्यांना.”

शाळा सहा वर्षांपूर्वीच मिटली होती, पण गावात सगळे मावतील अशी खोली तीच. खुर्च्या मात्र पोरांच्या मापाच्या. साडेअकराला सगळं गाव गुडघे कानाशी घेऊन बसलं. सासूबाई पहिल्या रांगेत. त्यांना त्या खुर्चीत बसवायला दोघं लागले. “उठवायला चार लागतील, आत्ताच नेमून ठेवा,” त्या म्हणाल्या.

तपासनीस म्हणजे कोणी चष्मेवाले साहेब येणार असं सगळ्यांनी धरलं होतं. आली ती एक पोरगेलीशी बाई, पाठीवर आपल्याहून मोठी पिशवी, आणि घाटाच्या वळणांनी चेहरा पार हिरवा पडलेला. बेकरीवाल्यानं तिला पाणी दिलं, मास्तरीणबाईंनी लिंबाची फोड दिली. तेवढ्यात मागच्या रांगेत निकाल लागला की पोरगी चांगली आहे, फक्त खात नाही.

“पहिले सहा प्रश्न सोपे आहेत,” ती म्हणाली. “रस्ता, पाणी, वीज वगैरे. आकड्यांचं नंतर बघू. मला आधी सातवा प्रश्न हवाय.” तिनं वाचला. “ ‘आपल्या वस्तीच्या आजच्या स्थितीसाठी तिथले लोक स्वतः कोणता शब्द वापरतात? त्याचा अर्थ आणि बोलण्यातले तीन वापर लिहा. त्यातला एक तरी वापर बोलणाऱ्याच्या स्वतःच्या घराबद्दल असावा.’ ”

सगळे एकमेकांकडे पाहू लागले.

“हा प्रश्न वरून आलाय?” अध्यक्षांनी घाबरत विचारलं.

“नाही, माझ्याकडून आलाय,” तपासनीस म्हणाली आणि पहिल्यांदाच तिच्या चेहऱ्यावर रंग आला. “साहेब हसले होते मला. पण मी दोनशे गावांचे फॉर्म वाचले, आणि दोनशेंत एकच वाक्य. ‘लोकसंख्येत घट झाली आहे.’ आम्हीच पाठवलेलं वाक्य तुम्ही आम्हालाच परत पाठवता. त्यातून मला काय कळणार? तुम्ही घरी, चुलीपाशी, बसची वाट बघताना काय म्हणता, ते सांगा.”

“शांत म्हणतो,” कोणीतरी म्हणालं.

“निवांत लिहा.”

“हवेशीर!” मागून आवाज आला आणि हशा पिकला.

मास्तरीणबाई उभ्या राहिल्या. निवृत्त होऊनही त्या बोलायला उभ्याच राहायच्या. “विरळ,” त्या म्हणाल्या. “विरळ हा योग्य शब्द आहे.”

“विरळ केस असतात, मास्तरीणबाई. गाव नसतं,” बेकरीवाला म्हणाला आणि स्वतःच्या तुळतुळीत टकलावरून हात फिरवत पुढे म्हणाला, “अनुभवानं सांगतोय.”

अर्धा तास हेच. सुटसुटीत झालं, मोकळं झालं, आटोपशीर झालं. प्रत्येक शब्द असा, की गावानं जणू मुद्दाम व्यायाम करून वजन उतरवलंय. तपासनीस प्रत्येक शब्द लिहून घेत होती आणि मान हलवत होती, पण तिची पेन्सिल कुठेच थांबत नव्हती. कारकूनबाई तिच्या शेजारी बसून ते बघत होत्या. त्या फारशा शिकलेल्या नव्हत्या. पण कचेरीत काम नसलं की गेली कित्येक वर्षं त्या शब्दकोशाची पानं चाळत बसायच्या, आणि आत्ता त्यांना दिसत होतं की सगळे जण एका शब्दाला वळसा घालून जाताहेत, चिखलाच्या डबक्याला घालावा तसा.

शेवटी बेकरीवाला कुरकुरला. “मॅडम, जरा आटपा ना. भट्टी पेटवून आलोय. सगळं गाव इथे, तिकडे बेकरी ओस पडलीय, पाव करपले तर—”

“काय म्हणालात?” तपासनीस उठलीच.

“आटपा म्हणालो. चुकलं, माफ करा.”

“त्याच्यानंतर!”

“बेकरी... ओस पडलीय.” त्यानं इकडेतिकडे पाहिलं, काहीतरी सांडल्यासारखं. “पण ते बेकरीबद्दल म्हणालो मी.”

“असू दे! पहिला वापर,” तपासनीस म्हणाली आणि पेन्सिल अशी धावली की टोकच मोडलं.

कारकूनबाईंच्या अंगातून काहीतरी सर्रकन गेलं. त्या उठल्या, खडूचा एक तुकडा शोधला आणि जुन्या फळ्यावर मोठ्या अक्षरात लिहिलं : ओस. सहा वर्षांत त्या फळ्यावर कोणी काही लिहिलं नव्हतं. खडूचा तो आवाज ऐकून मास्तरीणबाईंनी डोळेच मिटले.

“आणखी कशाला म्हणता?” कारकूनबाईंनी विचारलं. “बेकरीला म्हणालात. आणखी?”

“पटांगणाला,” मास्तरीणबाई डोळे न उघडताच म्हणाल्या. “मोठी सुट्टी लागली की मी घरी जाऊन म्हणायचे, आज पटांगण कसं ओस पडलंय.”

“दुसरा!”

“बाजाराला म्हणतो. दुपारच्या बाजाराला.”

“घरात लग्न झालं आणि पाहुणे गेले की म्हणतो.”

“माझ्या दुकानाला तर मी रोज म्हणतो,” अध्यक्ष म्हणाले. “पण दुकानात मी असतोच की! मी असताना ते ओस कसं?”

“तुम्ही असलात तरी ते असल्यासारखं वाटत नाही,” बेकरीवाला म्हणाला. खोली खदखदून हसली.

पण कारकूनबाई हसल्या नाहीत. त्या फळ्यासमोर खडू धरून उभ्या होत्या आणि त्यांचं डोकं भरधाव सुटलं होतं. “थांबा, थांबा. म्हणजे एखादं माणूस तिथे असलं तरी चालतं. बरं, मग डोंगराला म्हणतो का आपण? वरच्या डोंगरावर चिटपाखरू नसतं. डोंगर ओस पडला असं कधी कोणी म्हणालंय?”

सगळ्यांनी विचार केला. सगळ्यांनी मिळून विचार करण्याची गावात बऱ्याच वर्षांनी वेळ आली होती.

“नाही बुवा,” कोणीतरी म्हणालं. “डोंगरावर आधी कोण होतं?”

“हेच!” कारकूनबाईंनी फळ्यावर टकटक केलं. “आधी भरलेलं असायला पाहिजे! रिकामं असणं आणि ओस पडणं वेगळं. आधी गजबज हवी, मग ती गेलेली हवी, आणि ती गेलेली आठवणारं कोणीतरी हवं. बघणारं कोणी नसेल तर म्हणणार कोण?”

“लिहा, लिहा,” तपासनीस स्वतःलाच म्हणत लिहीत होती. “अर्थ एक, अर्थ दोन. बाई, तुम्ही कुठे शिकलात हे?”

“कचेरीत. दुपारी,” कारकूनबाई म्हणाल्या. बावीस वर्षांत त्यांचं फक्त अक्षर वाखाणलं गेलं होतं. त्यांचे कान तापले.

आता गाव पेटलं. कोणाचं कोणाला ऐकू येईना. वरच्या आळीची एक बाई म्हणाली, “ओस पडलीय ती खालची आळी. आमची नाही.” खालच्या आळीच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. “आमची? आमच्याकडे अजून अकरा घरांत दिवा लागतो!” “आमच्याकडे नऊ लागतात, पण तीन कुत्री आहेत, भुंकतात तरी! तुमच्याकडे तेही नाही!” “तुमची कुत्री आमच्याकडे जेवतात म्हणून जिवंत आहेत!”

“एक मिनिट!” कारकूनबाई ओरडल्या, इतक्या मोठ्यानं की त्या स्वतःच दचकल्या. “वरचे म्हणतात खालची ओस. खालचे म्हणतात वरची ओस. बेकरीवाला बेकरीला म्हणेल, घराला नाही. मास्तरीणबाई पटांगणाला म्हणतील. अध्यक्ष दुकानाला म्हणतील.” त्यांनी फळ्यावर लिहिलं आणि लिहिता लिहिता वाचलं : “हा शब्द माणूस सहसा आपल्या घराला लावत नाही.”

मग तपासनीसनं चक्क टाळी वाजवली. “हे कुठल्याच कोशात नाहीये! दोनशे गावांत मला हे कोणी सांगितलं नाही!”

“पण म्हणूनच तुमचं घोडं अडणार,” मास्तरीणबाई म्हणाल्या. “प्रश्नात म्हटलंय, एक वापर स्वतःच्या घराबद्दल पाहिजे.”

“हो. कोण सांगतं?”

कोणाच्या बुटाची नाडी सुटली होती, कोणाला एकदम भट्टी आठवली. तपासनीसनं घड्याळ पाहिलं. “बरं, ते शेवटी घेऊ. आकडा बघू.” आणि तिनं वही उघडली. “चारशे चार?”

कारकूनबाईंनीच सांगितलं. ता. बा. म्हणजे काय, ते कोणी काढलं, का काढलं, आणि कितींना लागलं. सांगताना त्यांना वाटलं, आता ही पोरगी वही मिटून निघून जाईल. पण ती बराच वेळ पेन्सिलीच्या त्या बारीक अक्षरांवरून बोट फिरवत राहिली.

“हे असं चालणार नाही,” ती शेवटी म्हणाली, पण आवाज कडक नव्हता. “वर फक्त शाई वाचतात. पेन्सिलीचा एकही शेरा राहिला तर फॉर्म परत येईल. प्रत्येक घरातल्या मोठ्या माणसानं सगळ्यांसमोर बोलून सांगायचं, की अमुक इथे राहत नाही, आणि सही करायची. मग बाई ते शाईनं लिहितील. आत्ता सव्वा वाजलाय. चारची बस माझ्यासाठी थांबत नाही.”

बेकरीवाला उठला. पोरांच्या खुर्चीतून उठताना खुर्चीही त्याच्याबरोबर आली, ती त्यानं काढून बाजूला ठेवली. “माझ्यापासून सुरू झालं,” तो म्हणाला. “माझ्यापासूनच घ्या.” टेबलाशी येऊन त्यानं घसा साफ केला. “माझा थोरला इथे राहत नाही.” एवढं म्हणून तो थांबला. सगळ्यांना वाटलं, आता याला रडू येणार. पण त्याचा आवाज एकदम चढला. “तो बोटीवर असतो! मोठ्या बोटीवर! सहाशे माणसांचा पाव एकटा करतो! समुद्र हलत असतो आणि हा पीठ मळत असतो! आहे का कोणी असा?”

“सहाशे?” मागून कोणी म्हणालं. “कधी बोलला नाहीस ते!”

“तुम्ही कधी विचारलंत?”

आणि खरंच, अठरा वर्षांत कोणी कोणाला विचारलं नव्हतं. आपण विचारलं की आपल्यालाही विचारतील, म्हणून सगळे मूग गिळून बसले होते. आता मात्र जी रांग लागली, ती बघायला हवी होती. प्रत्येकाला सांगायचं होतं.

“माझा धाकटा इथे राहत नाही. उंच क्रेन चालवतो, ढगात जेवतो!”

“माझी पुतणी इथे राहत नाही. न्यायाधीश आहे ती, म्हणून तर फोनवर कोणाला बोलू देत नाही.”

“माझे दोघे इथे राहत नाहीत,” अध्यक्ष म्हणाले. “एक मोबाइलवर वेळ बघतो आणि दुसरा बघतच नाही. घड्याळवाल्याची पोरं! खोडा, बाई, दोघांना जोरात खोडा!”

कारकूनबाई पेन्सिल पुसत होत्या, फुंकर मारत होत्या, शाईनं ‘राहत नाही’ लिहीत होत्या. एक खोडरबर संपला, दुसरा आला. हाताला पेटके आले तरी त्यांना थांबावंसं वाटेना. कारण आजूबाजूला भलतंच काही चाललं होतं. वरच्या आळीचा भाऊ आणि खालच्या आळीची मुलगी एकाच शहरात, एकाच रस्त्यावर सहा वर्षं राहत होते आणि इथे कोणालाच पत्ता नव्हता. फोन नंबर लिहून घेतले जात होते. फोटो हातोहात फिरत होते. मघाशी कुत्र्यांवरून भांडलेल्या दोघी एकमेकींच्या नातवंडांची नाकं कोणावर गेलीत ते ठरवत होत्या. बेकरीवाला धावत जाऊन, करपायच्या आत काढलेले पाव घेऊन आला आणि ते हातात धरून लोक सह्या करत होते. गावात इतकी माणसं आहेत असं बऱ्याच वर्षांत वाटलं नव्हतं, आणि वहीतला आकडा तर सारखा घसरत होता. तीनशे दहा. दोनशे बावीस. एकशे साठ. मास्तरीणबाई फळ्यावर आकडा पुसून नवा लिहीत होत्या आणि प्रत्येक आकड्याला पोरांसारखा ओरडा होत होता.

साडेतीनला फळ्यावर आलं : ९८.

“शंभराच्या आत!” अध्यक्ष खुर्चीवर चढायला गेले, पण ती खुर्ची त्यांच्या कामाची नव्हती म्हणून जमिनीवरच नाचले. “दोनदा बस! सकाळी आणि संध्याकाळी!”

कारकूनबाई हसत होत्या, पण त्यांना आकडा ठाऊक होता. सत्त्याण्णव. साठावं पान झाल्यावर त्यांनी दोन पानं मिळून उलटली होती. बोटानं आपसूक केलं होतं, असं त्यांनी स्वतःला सांगितलं होतं.

तपासनीस शेवटच्या सह्या मोजत पानं चाळत होती. “हे काय? एकसष्टावर एक पेन्सिलीचा राहिलाय.”

तीनशे सहा नावं ज्यांनी ओरडून ओरडून सांगितली त्यांच्यातल्या एकालाही आता आवाज फुटेना. पान कोणाचं ते सगळ्यांना माहीत होतं.

“जुनी वही आहे, पानं चिकटतात,” मास्तरीणबाई घाईनं म्हणाल्या. आयुष्यात त्या बहुधा पहिल्यांदाच खोटं बोलल्या असतील, आणि तेही उभं राहून.

“एकानं काय होतंय, मॅडम?” बेकरीवाला म्हणाला. “अठ्ठ्याण्णवही शंभराच्या आतच की. असू द्या एक.”

“मला चालेल हो,” तपासनीस म्हणाली. “पण वर एका पेन्सिलीनं सगळा फॉर्म परत येईल. आणि बस जाईल.”

खालच्या वळणावर बसचा भोंगा वाजला. वळणापासून गावात यायला बसला बारा मिनिटं लागायची.

“तिचं जरा वेगळं आहे,” कारकूनबाई म्हणाल्या. अठरा वर्षं कचेरीतल्या टेबलापलीकडून जे वाक्य त्यांनी तीनशे वेळा ऐकलं होतं तेच आपल्या तोंडून आलं हे त्यांच्या लक्षातही आलं. “तिचा पलंग आहे घरात. चादर परवाच बदललीय. सामान आहे कपाटात. ती बघते म्हणालीय.” मग त्या तपासनीसच्या कानाशी वाकल्या. “अहो, माझं सोडा. माझ्या सासूबाई समोर बसल्यात. घरातल्या मोठ्या त्या. त्यांच्या तोंडून हे वदवायचं? त्यांना सोसणार नाही.”

“कारकूनबाईंच्या सासूबाईंना ऐकू चांगलं येतं,” पहिल्या रांगेतून सासूबाई म्हणाल्या. “उठवा मला.”

दोघं धावले. मग आणखी दोघं. खुर्ची निघाली, म्हातारी निघाली. टेबलाशी येऊन त्या उभ्या राहिल्या, लुगड्याचा पदर सारखा केला, आणि सुनेकडे पाहिलं.

“सूनबाई, ती चादर मी कोणासाठी बदलते?”

“चिमीसाठी, आई.”

“अगं, चिमीला काय करायचीय ती? रविवारी फोन झाला की तू तिथे जाऊन बसतेस, तासतासभर. मळक्या चादरीवर कशाला बसावंस, म्हणून बदलते.”

सासूबाईंनी सुनेला हातातलं पेन नीट धरायला लावलं, शाई लागलेली बोटं आपल्या बोटांत घेतली, आणि तपासनीसकडे वळल्या.

“पोरी, तुझा तो घराबद्दलचा तिसरा वापरही यातच लिहून घे, बस येईल तुझी.” मग सगळ्या गावाला ऐकू जाईल अशा खणखणीत आवाजात त्या म्हणाल्या, “आमची चिमी इथे राहत नाही. तिनं तिकडे घर केलंय, ती सुखात आहे, आणि ती परत राहायला येणार नाही. नऊ वर्षं झाली, आमचं घर ओस पडलंय.”